अंबाडीचा वाफा आणि माझी जीभ

मैत्रिणींनो, आपल्या मराठी मंडळाच्या या फळ्यावर मी नेहमी पाककृती लावते. आज स्वतःची लाज लावतेय.

आमच्या सोलापुरात पाण्याची कायम ओढ, म्हणून आई अंबाडीसाठी खोलगट वाफा करायची. शेणखत घालायचं, कडेचे बांध घट्ट थापायचे, पाण्याचा थेंब बाहेर जाता कामा नये. गेल्या आठवड्यात इथे बंगालात, गार्डन रीचच्या क्वार्टरमागे मीही तस्साच वाफा केला आणि आईने पाठवलेलं बी पेरलं.

शेजारच्या मासीमा कुंपणापाशी येऊन, सुनेला हाक मारावी तसं म्हणाल्या, "बौमा, माती उंच कर. इथे पाणी साचतं, बी कुजेल."

मासीमा फाळणीत घर, शेत सगळं मागे टाकून सियालदह स्टेशनवर उतरलेल्या. आणि मी मोडक्यातोडक्या बंगालीत काय म्हणावं? "स्वतःची जमीन राखता आली नाही, आणि मला शिकवता?"

त्या आत निघून गेल्या.

मग दोन दिवस पाऊस लागला. आज सकाळी बघते तर वाफ्याचं डबकं झालेलं, कुजकं बी वर तरंगतंय. तेवढ्यात मासीमा आल्या. पदराखालून त्यांनी अंबाडीची सात-आठ रोपं काढली, मुळांची माती अजून ओली. माझ्या हातातलं खुरपं घेतलं आणि बांध फोडून माती उंच करायला बसल्या.



भांडण्यापुरतं बंगाली मी वर्षभरात शिकले. माफी मागण्यापुरतं तुमच्यापैकी कोणी शिकवाल का?