दाण्याला भोक नव्हतं

आळंदहून तुरीची पोती घेऊन नौबादला माझ्याकडं आलेल्या गाडीवानानं बैल सोडता सोडता सांगितलं, "शेवंताक्का गेल्या की हो. आज नववा दिस." माझी सख्खी आत्या गेली, आणि मला ते तुरीबरोबर कळलं. तक्रार करायला मला तोंड नाही. इतक्या वर्षांत मी तिच्या दारात दोनदा गेलो, तेही आळंदच्या बाजारात काम होतं म्हणून.

हळ्ळीखेडला आमच्या घरी ज्वारी पेवात ठेवत. अंगणाखाली खोल खड्डा, आतून कडब्याचा थर, तोंडावर माती लिंपलेली. आत्या ऐन तारुण्यात विधवा होऊन माहेरी आली आणि पेवाची राखण तिच्याकडं गेली. मूठभर दाणे तळहातावर चोळून, हुंगून ती आतलं सगळं सांगायची. सोंडा किडा कुणीही ओळखतो. तो दाणा पोकळ करतो आणि मागं पीठ सोडतो. पण एका साली पेव उघडलं तेव्हा कडब्यात भलतेच किडे निघाले... राळ्याच्या दाण्याएवढे, तांबूस, अंगावर बारीक लव. मी तेव्हा हैदराबादेत शेतकी शिकणारा, खिशात भिंग घालून फिरणारा दीडशहाणा. भिंगातून तिला एकेक दाखवलं. तोंडाला सोंड नाही, मिशांच्या टोकाला गाठी, दाण्याला एकही भोक नाही. हा किडा ज्वारी खात नाही, बुरशी खातो, त्याच्यापासून काही धोका नाही, असं मी ऐटीत सांगून टाकलं. आत्यानं भिंग माझ्या हातात परत दिलं आणि विचारलं, "मग बुरशी कामून आली रे?" हा प्रश्न माझ्या डोक्यात आलाच नव्हता.

ती तेवढ्यावर थांबली नाही. सुपात एका टोकाला उन्हात वाळवलेली ज्वारी ठेवली, दुसऱ्या टोकाला बुरसलेली भाकरी, मधे किडे सोडले आणि वरून फडकं झाकलं. जेवणं उरकेपर्यंत सगळे किडे भाकरीवर. मग पेवाला वारं लागू देऊन तिनं गड्याकडून चारी बाजूंची ज्वारी काढवली. पश्चिमेकडं किडे दाट होते आणि दाणे ढेकळासारखे चिकटून हिरवे-काळे पडले होते. त्याच बाजूला चार हातांवर अण्णांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी, त्या वर्षी गुरांसाठी नवा हौद बांधला होता. पाहुण्याला पाणी द्यायच्या आधी हौद दाखवायचे, इतकं त्यांना त्याचं कौतुक. "अण्णा, हौद पाझरायलाय," आत्या म्हणाली. "किडं मारून काय व्हनार? ते ओल दाखवायलेत."

निम्मी ज्वारी गेली होती, आणि हौदाचा दोष म्हणजे अण्णांचा दोष. आमच्यात रीत होती, पेव भरताना विधवेनं तोंडाशी उभं राहायचं नाही. आत्या तर दर वर्षी उभी राहायची. ज्वारी चांगली निघत होती तोवर ती रीत कुणाला आठवली नाही. आता चुलत्यांना बरोबर आठवली. हिची सावली पडली, हिला घरात ठेवू नका, इथपर्यंत गोष्ट गेली. ओसरीवर सगळ्यांदेखत अण्णांनी मला विचारलं, "तू शिकायलास न्हवं? सांग, हौदामुळं हाय का हे?" आत्या दाराआडून माझ्याकडं बघत होती. तिचं घर माझ्या एका शब्दावर होतं, आणि मला उत्तर पक्कं ठाऊक होतं. पण अण्णांच्या जिवावर शिकत होतो, पुढंही शिकायचं होतं... मी म्हणालो, "आत्ताच नक्की सांगता येत न्हाई." शिकल्या माणसाला भित्रेपणासुद्धा किती व्यवस्थित जमतो!

आठ दिवसांत तिला आळंदला, दूरच्या नात्यातल्या एका म्हातारीच्या सोबतीला धाडलं. म्हातारी गेल्यावर लोकांची दळणं दळून, धान्य निवडून ती जगली. पुढच्या साली आत्या नसतानाही पेवात पुन्हा तेच किडे आणि तीच बुरशी. अण्णांनी हौद फोडून टाकला. तेव्हाही, "आत्याला आणू या," एवढं म्हणायला माझं तोंड उघडलं नाही. अण्णांवरचा राग मी केव्हाच सोडून दिला. स्वतःवरचा सुटत नाही.

परवा तिची खोली रिकामी करायला गेलो. जातं, दोन लुगडी, एक घोंगडी. एवढ्यात एक बाई पदरात मूठभर तूर घेऊन दारात आली आणि मला बघून ओशाळली. "अक्का गेल्या ठावं हाय मला. पर सवयीनं पाय वळलं बगा. किडं झालेत, अन् दाना तर साबूत हाय." मी तूर न बघताच म्हणालो, "कुठं तरी ओल लागायलीय. कणगीमागची भिंत बघा." तिनं चमकून विचारलं, "मंजे तुमीच अक्कांचे भाचे? अक्का समद्यांना सांगायच्या, हे माज्या भाच्यानं शिकिवलं मला. लई हुशार हाय म्हनायच्या."

मी मान डोलावली. तिथंही खरं सांगवलं नाही... म्हणून इथं लिहितो. ओल आत्यानं ओळखली होती. मी नाही.