पुस्तकं फाटतील हो!

खडूच्या धुळीसारखे किस्सेही शिक्षकाच्या अंगावर बसत जातात, झटकले तरी जात नाहीत. माझे ऐकून लोक हसतात. मला अजून संताप येतो!

नव्वदचं दशक सरत आलेलं. शिनोली गावापासून आत, आमची दोन शिक्षकी शाळा. पहिलीसाठी चित्रांची पुस्तकं आली. गुळगुळीत पानं, पानावर एकच ओळ. हेडमास्तरांनी ती कपाटात ठेवून कुलूप लावलं.

"सर, पोरांना कधी द्यायची?"

"दिली तर फाटतील हो, बाई!"

*

भांडून शनिवारचा एक तास मिळवला. सरांनी पुस्तकं सुतळीवर टांगली. इतकी उंच, की मलाच टाचा वर कराव्या लागल्या!

"चित्रं दिसतात की खालून," सर म्हणाले.

*

पहिलीतली संगी वर्गात तोंड उघडायची नाही. एकदा मी एक पुस्तक उतरवून तिच्या हातात दिलं. चित्र बघत तिने हळूच वाचलं, "म्हैस बसली."

सरांनी चित्रावर तळहात ठेवला. "बघून वाचतेस? ही तर कॉपी झाली! आता वाच."

संगी जी गप्प झाली ती दिवाळीपर्यंत. सहा वर्षांच्या पोरीची म्हणे कॉपी! माझं टाळकंच सटकलं. सरांकडून कपाटाची चावी हिसकावल्यासारखीच घेतली आणि पुस्तकं पोरांच्या घरी धाडायला लागले.

*

संगीची आई बाजारात भेटली. "बाई, धाकट्याला पुढ्यात घिऊन वाचती ओ! लई मोठ्यानं!"

मी संगीला विचारलं, "त्यालाच का गं वाचून दाखवतेस?"

"तो चुका काढत न्हाई."

*

मग तपासणी आली. सरांनी चौथीची हुशार पोरं पहिलीत बसवली आणि पहिलीतली कच्ची पोरं बाहेर काढली. मी तावातावाने भांडले.

"बाई, शाळेच्या अब्रूचा प्रश्न आहे!"

चौथीच्या पोरांनी पहिलीची पुस्तकं धडाधड वाचली. तपासणीला आलेले साहेब खूश. सर तर नुसते फुलले होते. आम्ही साहेबांना पोचवायला जीपपाशी गेलो.

जीपच्या सावलीत ड्रायव्हर उकिडवा बसलेला. शेजारी मांडीवर पुस्तक घेऊन संगी, त्याला वाचून दाखवत होती. "बगळा उडाला. म्हैस उठली." आवाज खणखणीत!

साहेब थबकले. "कितवीत गं तू?"

"पयलीत."

"मग आत्ता वर्गात का नव्हतीस?"

संगीने पान उलटलं.

"गुर्जी म्हनलं, ज्यांना वाचाया येत न्हाई त्यांनी भायेर बसायचं."