शीकाका आणि आईचा फोटो

लग्नसराईत आमच्या घरी जेवायला जिलबी असायची आणि माझ्या पायात तुटकी चप्पल. आई लोकांच्या लग्नांत पोळ्या लाटायला जायची आणि उरलंसुरलं डब्यात घेऊन यायची. बाबा एका धर्मशाळेत चौकीदार होते. सराई संपली की जिलबी संपायची आणि वरणात पाणी वाढत जायचं. हे मी लाजत सांगत नाही. ह्याच घरातून मी बी.कॉम. झाले, आमच्या अख्ख्या खानदानात पहिली.

त्या लग्नांत आईसारखाच आणखी एक माणूस हमखास असायचा. आई मागे भट्टीपाशी, तो पुढे मांडवात कॅमेरा घेऊन. टावर चौकातून आत वळलं की त्यांचा फोटो स्टुडिओ होता. पाटीवर त्यांचं चांगलं भारदस्त नाव होतं, पण उज्जैनातली सगळी मराठी घरं त्यांना शीकाकाच म्हणत. जगातल्या बहुतेक गोष्टींची त्यांना शिसारी यायची. आधी नाक वर चढायचं, मग चष्मा कपाळावर जायचा, आणि मग लांबलचक "शीऽऽ" बाहेर पडायची. चहावर साय आली, शी. मांडवाला प्लास्टिकची फुलं, शी. नवरदेवाने काळा चष्मा लावला की तीनदा शी.

सगळ्यात जास्त किळस त्यांना दुसऱ्यांनी केलेल्या अल्बमची. कोणी कौतुकाने दाखवायला आणला की दोन पानं उलटून मिटवायचे. "ही नवरी आहे का पुट्टी मारलेली भिंत? आणि मागे बर्फाचे डोंगर कुठून आले भई? लग्न तर नानाखेड्याला झालं ना!" गिऱ्हाईक तोंड पाडून निघून जायचं ते परत येत नसे. असा कुठे धंदा चालतो? नाहीच चालला.

कॉलेजच्या फॉर्मसाठी फोटो काढायला गेले तेव्हा मी हळूच म्हटलं, "काका, थोडी गोरी करा ना."

"शी! परीक्षेला कोण बसणार, ती गोरी का तू?"

तोच सावळा फोटो माझ्या फॉर्मवर लागला. तेव्हा मी घरी येऊन रडले होते.

पुढे नोकरी लागली, लग्न ठरलं. माझ्या पगारातले साठ हजार मी फोटोंसाठी बाजूला काढले. एवढे कशाला, म्हणाल. ज्यांच्या घरी आईने पोळ्या लाटल्या त्या सगळ्यांना मला दाखवायचं होतं. नानाखेड्याच्या एका नव्या, काचेच्या स्टुडिओत पॅकेज ठरवलं: ड्रोन, सिनेमासारखा व्हिडिओ, आणि लग्नाआधीचं शूटिंग. ते कसं असतं ते बघायला तिथल्या फोटोग्राफर मुलाने मला घाटावर बोलावलं. एक जोडपं उभं होतं, तिच्या भाड्याच्या गाऊनचं शेपूट पायऱ्यांवर पसरलेलं. गुलाबी धूर सोडला होता. शेजारी एक म्हातारी ओल्या लुगड्याने क्षिप्रेला अर्घ्य देत होती. "माताजी, फ्रेम से हटिए," तो ओरडला. ती बिचारी तांब्या घेऊन सरकली. तरी मी पॅकेजचा कागद पर्समध्ये ठेवला.

तो कागद घेऊन मी शीकाकांकडे गेले. खरं सांगते, मिरवायलाच गेले. त्यांनी वाचला, नाक चढलं, चष्मा वर गेला.

"शीऽऽ! धुराचे पैसे?"

मी भडकले. "तुमचं दुकान चालत नाही म्हणून जळता तुम्ही!"

ते रागावले नाहीत. म्हणाले, "तुझ्या आईचा एक फोटो दाखव."

मी मोबाइल काढला. खूप वर-खाली केलं. आधार कार्डावरचा सापडला, त्यात ती पकडून आणल्यासारखी दिसते.

"दुसरा?"

दुसरा नव्हता.

काका काउंटरची काच पुसायला लागले. "वीस वर्षं मी सुमनबाईंच्या हातची गरम पोळी खाल्ली आणि हात धुऊन पुढे जाऊन लोकांच्या मावशा-आत्यांचे फोटो काढले. मागे वळून एक नाही काढला. माझीच शी वाटते मला." मग एकदम खडसावून म्हणाले, "आणि तू पण तेच करणार. मंगलाष्टकं चालू झाली की मुलीची आई कुठे असते?"

आपल्यात मुलीची आई लग्न बघत नाही. मागे बसून तुळशीला पाणी घालते. सगळे कॅमेरे तेव्हा अंतरपाटाकडे लागलेले असतात.

दुसऱ्या दिवशी नानाखेड्याच्या मुलाला सांगितलं, ड्रोन नको, धूर नको. मांडवात एक माणूस दे, आणि दुसरा माणूस दिवसभर फक्त माझ्या आईसोबत. तो हसला. "मॅडम, आंटी का फोटो देखेगा कौन?" ह्या एका वाक्याची मला आजही ओकारी येते. पॅकेज तिथेच मोडलं. निखिलला, म्हणजे होणाऱ्या नवऱ्याला, फोन केला. तो म्हणाला, "ड्रोन नाही? माझे मित्र हसतील यार." म्हटलं, हसू दे. तो थोडा फुगला, मग मानला.

मांडवासाठी एक साधा फोटोग्राफर घेतला. तुळशीपाशी शीकाका स्वतः आले, जुना कॅमेरा गळ्यात घालून. हात थरथरत होते, म्हणून बसून काढायला प्लास्टिकची खुर्ची मागवली, तिलाही शी म्हणून झालं. अंतरपाटाच्या अलीकडे उभी असताना, दोन मंगलाष्टकांच्या मधल्या शांततेत, मला मागून त्यांचा आवाज ऐकू आला. "सुमनबाई, माझ्याकडे बघू नका. पाणी घाला. पदर राहू द्या तसाच."

आई म्हणाली, "काका, कशाला माझा? फिल्म वाया जाईल."

"ह्यात फिल्म नसते हो. आणि असती तरी वाया घालवली असती."

त्याच वर्षीच्या हिवाळ्यात त्यांनी दुकान बंद केलं आणि मुलीकडे नागपूरला गेले. तिथेच वारले, हे आम्हाला दोन महिन्यांनी कळलं. त्यांच्या जागी आता मोबाइलच्या कव्हरांचं दुकान आहे. चमचमणारी, पिसं लावलेली कव्हरं. समोरून जाताना माझं नाक आपोआप वर चढतं.

आमच्या घरात आता आईचे सदतीस फोटो आहेत. नऊ हललेले आहेत, तेही ठेवलेत. एकाही फोटोत ती पोळ्या लाटत नाही.