वसुधाताईंची ‘पंगत’

वसुधाताई रानडे यांची नि माझी पहिली भेट पाटणकर बाजारातल्या माझ्या स्टुडिओत झाली. मी लग्नांचे व्हिडिओ करणारा. ताई महाविद्यालयातून निवृत्त झालेल्या. आल्या आल्या त्यांनी विचारले, “लग्नात तुम्ही जेवणारी माणसं टिपता ना? मला एकटी जेवणारी हवीत.”

त्यातून ‘पंगत’ हा त्यांचा प्रयोगशील लघुपट झाला. एकट्या राहणाऱ्या काही जणांचे जेवण ज्याच्या त्याच्या घरी चित्रित करायचे आणि पडद्यावर ती चित्रे शेजारी शेजारी मांडायची, म्हणजे सारे एका पंगतीत बसलेले दिसतील. संवाद नाही, संगीत नाही. आपण कॅमेऱ्याच्या चौकटीत यायचे नाही, हा ताईंचा नियम. एका घरी दूध उतू गेले, तरी त्या जागच्या हलल्या नाहीत.

शहरातल्या थाटीपूर भागात कदमकाकांकडे मात्र अडले. काका फौजेतून निवृत्त झालेले. त्यांनी घास उचलला आणि परत ताटात ठेवला.

“तुम्ही उभ्या नि मी जेवू? बरं नाही दिसत.”

“काका, इथे कोणी नाही असं समजा.”

“तसं तर रोजच समजतो. तुम्ही घरी कोणासोबत जेवता?”

ताईंचे यजमान त्याच वर्षी गेले होते. त्या कॅमेरा चालू असतानाच पुढे झाल्या आणि काकांशेजारी जाऊन बसल्या.

“भाजी जरा तिखट झालीये, चलेगा ना?” वाढताना काका म्हणाले.

“चालेल.”

एका महोत्सवाच्या निवड समितीने कळवले, ताई दिसतात तेवढा भाग काढा, रचना बिघडते. मलाही ते पटले होते. ताई म्हणाल्या, “काकांनी विचारलं ते खरं होतं. ते राहील.” लघुपट त्या महोत्सवात दाखवला गेला नाही. आम्ही तो इथल्याच एका शाळेच्या सभागृहात दाखवला. पडद्यावर काकांच्या शेजारच्या चित्रात जेवणाऱ्या कुलकर्णीबाई त्यांना बाहेर भेटल्या, तेव्हा काका म्हणाले, “आपण साथ-साथ जेवलो म्हणायचं!”

लघुपटाने कोणाचे एकटेपण संपवले, असा दावा ताई करीत नाहीत. कुलकर्णीबाई पुढे मुलाकडे गेल्या. बाकीचे आजही एकटेच जेवतात. काकांकडे मात्र ताई दर रविवारी जातात, आणि भाजीला नावे ठेवून येतात.

आज ताईंना पंचाहत्तर वर्षे पूर्ण होत आहेत. गुडघे कुरकुरतात, तरी काकांचा जिना त्या चढतात. ते गुडघे त्यांना पुष्कळ वर्षे साथ देवोत, भूक चांगली राहो, आणि रविवारी दार उघडायला काका असोत.