पदर ठेवला, बोलणं कापलं

त्या बाईने मला फसवलं. ती व्हिडिओ बनवणारी कलाकार, बँकेतल्या मराठी साहेबांची मुलगी, सुरतेतच वाढलेली. मी लूमवर राबून वर आलेला, तिथल्याच गोडादरा भागात स्वतःचं साडीचं दुकान थाटलेला माणूस. घासाघीस करण्यात मला बाजारात कोणी हरवलेलं नाही. हिने हरवलं.

ती पहिल्यांदा आली तेव्हा मी साडी दाखवत होतो. शर्ट-पँटवर, स्वतःच्याच अंगावर. आमच्या धंद्यात अशीच दाखवतात. समोर गुजराती बेन असली की पदर उजव्या खांद्यावरून पुढे घ्यायचा आणि म्हणायचं, "लो बेन, तमने बहु सरस लागशे!" खानदेशातली बाई आली की तोच पदर डाव्या खांद्यावरून मागे, आणि बोली घरची: "बहीन, हाऊ रंग तुले कितला खुलस!"

"काका, मला हेच हवंय," ती म्हणाली. "मी तुमच्या शेजारी उभी राहून तुमच्यासारखंच करीन. माणसाची ओळख, हा माझा विषय आहे."

"करा. पैसे नकोत मला. पण माझं बोलणं सगळं राहिलं पाहिजे. साडी बोलण्यावर विकते, ताई."

"एक शब्दही कापणार नाही."

"मग द्या टाळी."

तिने दिली. आमच्याकडे टाळी दिली की सौदा पक्का.

तिच्या व्हिडिओच्या प्रदर्शनाला बायकोला घेऊन गेलो. काय सांगू! भिंतभर मी! माझी बोटं हाताएवढी, निऱ्या कशा झरझर पडतायत! शेजारी ती, माझी हुबेहूब नक्कल करणारी. माझी छाती फुगली.

"पोटबी भिंतभर दिसी ऱ्हायनं," बायको म्हणाली.

मग लक्षात आलं. ओठ हलतायत, आवाज नाही. नुसती घूं घूं. आणि ती माईकवर लोकांना समजावतेय, "हा माणूस दोन ओळखींमध्ये अडकलाय. पदर कुठल्या खांद्यावर घ्यावा, हेच त्याला ठरवता येत नाही."

माझं डोकं सणकलं. पहिल्या रांगेतल्या मुलीकडे ओढणी मागितली आणि भिंतीसमोर उभा राहिलो. भिंतीवर माझा पदर उजवीकडे गेला की मी ओढणी उजवीकडे घेऊन गुजरातीत ओरडायचो, डावीकडे गेला की अहिराणीत. रोज तेच बोलतो, त्यामुळे ओठाला ओठ जुळले! लोक हसायला लागले, मागचे उठून पुढे आले. एक म्हातारी बेन तर रंगात येऊन भाव पाडून मागायला लागली, "भाव तो ओछो करो, भाई!" मी म्हटलं, आधी हात लावून तर बघा, "पहेला अडीने जुओ, बा!" काय टाळ्या पडल्या! दुकानात इतक्या वर्षांत असं गिऱ्हाईक जमलं नव्हतं.

ती धावत आली. "काका, कमाल केलीत! पुढच्या वेळी हे आपण मुद्दाम करू."

पुढच्या वेळी?

ताई, मी कुठे अडकलेलो नाही. समोर कोण बसलंय ते बघून मी पदर घेतो, आणि दोन्ही खांदे माझेच आहेत. हे सगळं माझ्या बोलण्यात होतं. तेच तुम्ही काढलंत आणि त्या जागी स्वतः बोललात. टाळी देऊन कापलंत. का कापलंत? माझ्या कानात नको, दुकानात येऊनही नको. तोच माईक हातात घ्या आणि त्याच लोकांसमोर उत्तर द्या.