तिसरं पाणी

आमच्या हेडसरांइतका शिकवायला नालायक माणूस मी उभ्या मराठवाड्यात पाहिला नाही. इतिहासाचा तास घ्यायला उभे राहिले की दहाव्या मिनिटाला अर्धा वर्ग पेंगायला लागायचा आणि विसाव्या मिनिटाला खुद्द हेडसरांचाच डोळा लागायच्या बेताला यायचा. आवाज घोगरा, अक्षर कोंबडीच्या पायाचं, सनावळीचा सगळा गोंधळ. आणि तरी मास्तरकी म्हणजे काय हे मला कळलं असेल तर ते या एका माणसामुळे. हे आधीच कबूल करून टाकतो, म्हणजे पुढे मी त्यांची जी टिंगल करणार आहे ती कोणी मनावर घेणार नाही.

त्र्याण्णवच्या भूकंपाला दोन-तीन वर्षं झाली होती. निलंग्याच्या वाटेवरच्या एका खासगी संस्थेच्या हायस्कुलात मी गणिताचा मास्तर म्हणून लागलो. शाळेची जुनी इमारत भूकंपात बसली होती, म्हणून सगळे वर्ग पत्र्याच्या शेडमध्ये. मी मुदखेडचा, बीएस्सीला फर्स्ट क्लास, आणि त्या फर्स्ट क्लासची मस्ती अंगात मुरलेली. लातुरात तेव्हा क्लासेसचं पेव फुटलं होतं. एका क्लासवाल्याने मला शब्दही दिला होता, की वर्षभर कुठेतरी हात बसवून ये, मग बघू. तेव्हा ही शाळा माझ्या लेखी एस.टी. स्टँडसारखी होती, गाडी लागेपर्यंत बसायची जागा.

हेडसरांनी मीटिंग कधी बसून घेतली नाही. सगळ्या स्टाफला लिंबाखाली उभं करायचे. "बसलं की माणूस भाषण करतंय," म्हणायचे. पाय दुखायला लागले की आमचं आपोआप एकमत व्हायचं. स्वतःच्या खुर्चीत मी त्यांना क्वचितच पाहिलं, कारण तिथे कायम कोणीतरी कच्चं पोर टेबलावर वही पसरून बसलेलं असायचं आणि हेडसर बाजूला स्टुलावर. एकदा शिक्षणखात्याचे साहेब तपासणीला आले, तर खुर्चीत आठवीतली एक मुलगी अपूर्णांक सोडवत बसलेली. साहेबांनी विचारलं, "हेडमास्तर कुठायत?" मान वर न करता ती म्हणाली, "मला तहान लागली व्हती. तांब्या भरायला गेलेत." साहेब त्या दिवशी फार वेळ थांबले नाहीत.

बिलोलीकडच्या शेतकऱ्याचे हे चिरंजीव, त्यामुळे शाळेतही त्यांची भाषा रानातलीच. सगळ्या वर्गाला मिळून शिकवायचं ते पहिलं पाणी. तेवढ्यावर ज्यांचं भागत नाही अशा सहा-सात जणांना लिंबाखाली सतरंजीवर पुन्हा शिकवायचं, ते दुसरं. आणि तरीही जे सुकलेलंच राहतं त्याला एकट्याला धरून, रोज, नेमकं काय अडलंय ते शोधून शिकवायचं, ते तिसरं पाणी. "ते मुळाशी घालावं लागतंय, तांब्यानं," म्हणायचे. "तिथं पाट सोडून भागत न्हाई." कोणाला कितवं पाणी हे ठरवायला ते दर शनिवारी सकाळच्या शाळेला फाटकात उभे राहायचे, दहावीच्या एकेका पोराला दोन प्रश्न विचारायचे आणि खिशातल्या निळ्या वहीत नावापुढे एक, दोन नाहीतर तीन टिंबं द्यायचे. एखादं पोर तिनावरून दोनावर आलं की स्वारी दिवसभर खुशीत. आम्हा मास्तरांनाही दर आठवड्याला चिठ्ठी द्यावी लागे, कोणाचं काय चुकतंय याची. त्या चिठ्ठ्यांचा मला मनस्वी कंटाळा. मी सगळ्यांपुढे 'लक्ष नाही' असं ठोकून द्यायचो.

रुजू झालो त्याच दिवशी त्यांनी मला दहावी 'क' दिली. गावातल्या सगळ्या रडतराऊतांची तुकडी. मी म्हटलं, "सर, मला बीएस्सीला फर्स्ट क्लास आहे."

"हाव, म्हणून तर," हेडसर म्हणाले. "'अ'ची पोरं कोणीबी शिकवलं तरी पास होतेत. तिथं तुमची हुशारी वाया जाईल."

एवढ्यावर थांबले असते तर ठीक होतं. पण आठवड्यातून तीनदा ते माझ्या तासाला येऊन मागच्या बाकावर बसायचे आणि चक्क हात वर करायचे. "सर, ह्यो क्ष कुठनं आला?" पोरं हसायची, मी चिडायचो. नंतर लक्षात यायचं की अर्ध्या वर्गाला तेच विचारायचं होतं. शाळा सुटली की माझ्याबरोबर स्टँडपर्यंत चालत यायचे, आज कोणाचं काय अडलं ते विचारत. बाकीच्या मास्तरांच्या मागे ते असे लागत नसत. मी समजायचो, बिचाऱ्याला माझ्या ज्ञानाचं अप्रूप आहे.

पोळा झाला आणि संस्थेच्या अध्यक्षांनी फर्मान काढलं, की यंदा निकाल शंभर टक्के लागला पाहिजे. लातूरची पोरं बोर्डात झळकत होती, अध्यक्षांनाही झळकायचं होतं. उपाय सोपा होता आणि तो तेव्हा बऱ्याच ठिकाणी चालायचा. दहावीतल्या कच्च्या पोरांचे दाखले काढायचे आणि सतरा नंबरचा फॉर्म भरून त्यांना बाहेरून परीक्षेला बसवायचं, म्हणजे ती नापास झाली तरी शाळेच्या निकालाला डाग नाही. मी दोन मिनिटांत पाच नावं लिहून दिली. पहिलं नाव नसीमचं.

नसीम कपडे शिवणाऱ्याची मुलगी. दाराशी बसायची, एक पाय वर्गात, एक बाहेर. फळ्याकडे बघतेय असं वाटायचं, पण काही विचारलं तर नुसती बघत राहायची.

हेडसरांनी यादी वाचली. रागावले नाहीत. "हिचं काय अडलंय?" म्हणाले.

"लक्ष नसतं, सर."

त्यांनी निळी वही काढली. "शनिवारी सकाळी फाटकात मी विचारलेलं तिनं एकदाबी चुकवलं न्हाई. तुमच्या दुपारच्या तासाला शून्य. पोरगी तीच, गणित तेच. मग मधी काय बदलून राहिलंय? मीबी आंधळा, इतके दिवस माझी टिंबंच बघत राहिलो." मग थांबून म्हणाले, "दाखला काढला की बाप तिला मशीनवर बसवणार. पुन्हा तिला शाळा दिसायची न्हाई. सही करायच्या आधी उद्या दुपारी तिच्या जाग्यावर बसून बघा. तास मी घेतो."

दुसऱ्या दिवशी मी दाराशी बसलो. नसीमला त्यांनी पुढच्या बाकावर बसवलं होतं. हेडसर गणिताचा जो काही खून करीत होते तो बघवत नव्हता. बाहेर भाद्रपदातलं ऊन तापलेलं. दोनच्या सुमाराला माझ्या डोक्यावर पत्रा असा कडाडला, की मी काय करतोय हे कळायच्या आत बाहेर अंगणात उभा होतो. मुदखेडला आम्हाला नुसते हादरे बसले होते, तरी माझी ही गत. बघतो तर शेजारी नसीम. पुढच्या बाकावरून माझ्यामागोमाग तीही आली होती. वर्गात कोणीही हसलं नाही.

"सर, असंच व्हतंय," ती हळू म्हणाली. "पत्रा वाजला की पुढचं काईच ऐकू येत न्हाई."

तिला भूकंपात कोसळलेल्या माळवदाच्या मातीखालून काढलं होतं हे अख्ख्या गावाला ठाऊक होतं. मलाही ठाऊक होतं. पळायला सोपं म्हणून ती दाराशी बसायची, आणि पत्र्याचा जोड नेमका दारावर. सकाळी पत्रे थंड असायचे, वाजायचे नाहीत, आणि फाटकात तर डोक्यावर पत्राच नाही, म्हणून शनिवारची नसीम वेगळी. मला स्वतःची फार लाज वाटली. यादी मी परत मागून घेतली आणि फाडली.

हेडसरांनी अध्यक्षांना कळवलं, की आमच्याकडे सतरा नंबरला पाठवण्याजोगं कोणी नाही. अध्यक्ष खवळले. निकाल पडला तर खुर्ची जाईल म्हणाले. "जाऊ द्या," हेडसर म्हणाले, "तसाबी मी तिच्यात कुठं बसतो."

मग मी नसीमला तिसरं पाणी घालायला लागलो. महिनाभर लिंबाखाली. मग पडवीत. मग दाराच्या आत, मग दुसऱ्या बाकावर. पत्रा वाजला की आम्ही दोघं थांबायचो, दहापर्यंत आकडे मोजायचो आणि सोडलेल्या पायरीपासून गणित पुढे न्यायचो. परीक्षेला ती हॉलमध्ये बाकीच्यांसारखी आत बसली. गणितात एकोणपन्नास टक्के मिळाले. निकालाच्या दिवशी तिचे अब्बा माझा हात हातात धरून उभे राहिले.

पण 'क'मधली तीन पोरं नापास झालीच. शंभर टक्के हुकले. अध्यक्षांनी शब्द पाळला आणि हेडसरांना संस्थेच्या माहूरकडच्या शाखेत धाडलं. "रोज रेणुकामायचं दर्शन," ते म्हणाले, "अशी शिक्षा कोणाला मिळतीय?" गाडीत चढताना निळी वही माझ्या हातात ठेवली. "शनिवार चुकवू नका."

घरी येऊन वही उघडली. पोरांची नावं संपल्यावर शेवटच्या पानांवर आम्हा मास्तरांची नावं होती. बहुतेकांपुढे एक टिंब, कोणाकोणापुढे दोन. माझ्या नावापुढे तीन. जूनपासून, जवळजवळ दर शनिवारी, तीन. मागच्या बाकावरचे ते प्रश्न, स्टँडपर्यंतची ती चाल, सगळं डोळ्यांपुढे आलं आणि मी एकटाच हसत बसलो, आणि मग हसू थांबलं. लातूरच्या क्लासवाल्याला मी येत नाही म्हणून कळवून टाकलं.

पुढे मीही हेडमास्तर झालो. सगळ्यात चांगला मास्तर 'क'ला देतो, शिव्या खातो, आणि शनिवारी सकाळी फाटकात उभा राहतो. हेडसर वारले त्यालाही आता बरीच वर्षं झाली. त्या वहीत माझ्या नावापुढे शेवटच्या दोन शनिवारी दोन टिंबं आहेत. एक कधी पडलं असतं, पडलं असतं की नाही, हे त्यांना विचारायचं राहून गेलं. पुढची ओळ मी कोरीच ठेवली आहे. ते टिंब द्यायचा हक्क त्यांचा होता.