भोयर सर विरुद्ध मी

कोर्टात आमची केस उभी राहायची दोन-चार मिनिटं. बाकी दिवस बाहेरच्या बाकावर जायचा. त्या बाकावर जे जमलं, ते कोणत्याही वकिलाने लिहून घेतलं नाही. ते आम्हालाच सांगत बसावं लागतं.

प्रकरण साधं होतं. हिंगणघाटच्या आमच्या कॉलेजात मुलाखती होऊन तिघं लागलो. मी इतिहासाला, देवतळे भूगोलाला, आधीपासून तिथेच तासांवर शिकवणाऱ्या झाडे मॅडम अर्थशास्त्राला. इतिहासाच्या मुलाखतीत मागे पडलेले गावातलेच भोयर सर नागपूरला हायकोर्टात गेले. निवड समितीच नियमाप्रमाणे नव्हती, असं त्यांचं म्हणणं. झालं, तिघांच्याही नेमणुकीची सरकारी मान्यता अडकली. मान्यता नाही म्हणून पगार नाही. शिकवणं मात्र रोज.

भोयर सर आणि मी, दोघांचंही वय सरकत होतं. ही जागा गेली तर दुसरी मिळेल याचा भरवसा दोघांनाही नव्हता.

*

तारखेला नागपूरची सकाळची एसटी एकच सोयीची. भोयर सर आधी चढायचे आणि रुमाल टाकून माझी जागा धरायचे.

एकदा कंडक्टरने विचारलं, "कुठं चालले गुरुजी?"

"हायकोर्टात."

"कोनाच्या विरोधात?"

भोयर सरांनी माझ्याकडे बोट केलं. "याच्या." आणि दोघांच्या तिकिटाचे पैसे पुढे केले.

कंडक्टर नोट हातात धरून थांबला. "मंग तिकिटं येगयेगळी फाडू का?"

*

देवतळे मुलगी पाहायला समुद्रपूरकडे गेले. मुलीच्या वडिलांनी विचारलं, "नोकरी पक्की हाय ना?"

देवतळे खोटं बोलणारा माणूस नाही. म्हणाले, "नेमणूक झाली, मान्यता यायची हाय."

"म्हनजे साखरपुडा झाला, पन लगन नाई?"

देवतळ्यांनी पोह्यांची बशी खाली ठेवली. तेव्हा मुलीनेच विचारलं, "शिकवाले रोज जाता ना?"

"रोज जातो."

"पगार नाई तरी?"

"पोरं येऊन बसतात ना."

मुलगी वडिलांना म्हणाली, "बाबा, याहिले हो म्हना." लग्न झालं. मान्यता त्यानंतर बऱ्याच काळाने आली.

*

एका सुनावणीत सरकारी बाजूने एक तरुण वकील उभा राहिला. अर्थशास्त्राला पुरेसे विद्यार्थीच नाहीत, त्यामुळे या पदाची गरज नाही, असं त्याने ठासून सांगितलं. झाडे मॅडम मागे बसून ऐकत होत्या. चेहरा उतरला होता.

बाहेर आल्यावर तोच वकील धावत आला आणि वाकून मॅडमच्या पाया पडला. "मॅडम, ओळखलं नाई का? तुमच्याच वर्गात होतो."

"मंग आत काय सांगून राह्यला होता? विद्यार्थीच नाई म्हणून?"

तो ओशाळला. "मॅडम, आत मी सरकार आहो."

*

तारखांवर तारखा पडल्या तेव्हा माझी बायको गिरडच्या बाबांच्या दर्ग्यावर नवस बोलायला गेली. टेकडी चढून वर पोचते तो समोर भोयर वहिनी, हातात चादर. दोघींनाही कळलं, दुसरी कशासाठी आली ते.

मग वहिनी म्हणाल्या, "एकाच केसमंदी दोघीहिनं अर्ज केला. आता बाबा बी तारीखच देतीन."

खाली उतरून दोघींनी एकमेकींच्या डब्यातलं खाल्लं आणि एकाच गाडीने घरी आल्या.

*

शेवटी आमची निवड कायम राहिली, मान्यता आली, पगार सुरू झाला. पुढे भोयर सरांनाही आर्वीकडच्या कॉलेजात जागा मिळाली. ती बातमी कळली तेव्हा मला जरा मोकळा श्वास घेता आला. पण शेवटच्या सुनावणीत जे झालं, ते सांगायलाच हवं.

त्या दिवशी भोयर सरांच्या वकिलाने माझ्या लायकीवरच बोट ठेवलं. हे गृहस्थ इतिहास शिकवायला पात्रच नाहीत, असा त्यांचा मुद्दा. मी खाली मान घालून ऐकत होतो. तेवढ्यात आमचे वकील उठले आणि म्हणाले, की अर्जदारांची मुलगी यंदा याच प्राध्यापकांच्या वर्गात इतिहास शिकते आहे.

न्यायमूर्तींनी चष्मा काढला आणि मराठीत विचारलं, "भोयर, हे खरं आहे?"

"हो साहेब."

"तिथे प्रवेश कोणी घेऊन दिला?"

"मीच दिला साहेब."

"वर्ध्यालाही कॉलेजं आहेत. मग यांच्याकडेच का?"

भोयर सरांनी एकदा माझ्याकडे पाहिलं, एकदा आपल्या वकिलाकडे.

"साहेब," ते म्हणाले, "तो पोरीच्या शिक्षणाचा प्रश्न होता."